बेचाळीस कुप्या

निकाल वाचून दाखवायला न्यायमूर्तींना चार मिनिटं लागली, आणि त्यातलं एक मिनिट चष्मा शोधण्यात गेलं. दोन वर्षं सात महिने छातीवर बसलेलं प्रकरण चार मिनिटांत उठून जातं, हे पहिलीला खरंच वाटेना. ती बाकावर तशीच बसून राहिली. शेजारी नवऱ्याने तिचा हात घट्ट धरला होता आणि पुढे उभ्या असलेल्या वकीलबाई मान डोलावत होत्या, म्हणजे बातमी चांगली असणार एवढं तिला कळलं.

न्यायमूर्ती म्हणाले ते थोडक्यात असं. ही बाई परिचारिका. आपल्या हॉस्पिटलातलं हत्यारं निर्जंतुक करायचं यंत्र बिघडलंय, अशी तक्रार तिने आरोग्य खात्याकडे केली. खात्याची माणसं आली, यंत्राला सील ठोकून गेली. त्यानंतर आठव्या दिवशी हॉस्पिटलला एकाएकी आठवलं की हिने औषधांच्या कपाटातून वेदनाशामक इंजेक्शनच्या तीन कुप्या चोरल्या. चोरी म्हणे सील लागायच्या आधीची. मग इतके दिवस तोंडाला कुलूप का? ही फिर्याद सूडाने केलेली आहे, हा कायद्याच्या प्रक्रियेचा गैरवापर आहे, सबब ती रद्द करण्यात येते.

"चोराच्या उलट्या बोंबा," नवरा बाहेर आल्याआल्या म्हणाला. "मी पहिल्या दिवसापासून हेच सांगत होतो. आता कोर्टाने शिक्का मारून सांगितलं." त्याचे डोळे भरून आले होते. वकीलबाईंनी दोघांना चहा पाजला. पहिलीने कप हातात धरला आणि ती वाट बघत राहिली, सुटल्यासारखं वाटायची. चहा निवून गेला.

पहिली हे काही तिचं नाव नव्हे. हॉस्पिटलात पडलेलं ते टोपणनाव, आणि त्याची जोडी होती दुसरी. ऑपरेशन थिएटरच्या मागे एक छोटी खोली होती, तिथे जालीम औषधांचं लोखंडी कपाट. त्याला दोन कुलपं आणि दोन किल्ल्या, एक हिच्याकडे, एक तिच्याकडे. रोज सकाळी पहिलं ऑपरेशन लागायच्या आधी दोघींनी मिळून कपाट उघडायचं आणि मोजणी करायची. नियम साधा होता. एकीने मोजून आकडा मोठ्याने बोलायचा, दुसरीने स्वतःच्या डोळ्यांनी बघून 'बरोबर' म्हणायचं, मग वहीत दोघींच्या सह्या. आकडा बोलणारी ती पहिली, बरोबर म्हणणारी ती दुसरी. अकरा वर्षं रोज सकाळी त्या खोलीतून हे दोन आवाज यायचे, इतके एका तालात की बाहेरचे वॉर्डबॉय त्यांची नक्कल करायचे. सर्जन तर म्हणायचे, या दोघींना एकच पगार द्यायला हवा, कारण बाई एकच आहे, आवाज दोन आहेत.

आणि या दुसरीनेच पोलिसांपुढे जबाब दिला होता. फिर्यादीला जोडलेला तोच एक जबाब.

निकालाची प्रत चार दिवसांनी हातात आली, अकरा पानांची. नवऱ्याने ती दोनदा मोठ्याने वाचली. जाऊबाई आणि तिचे यजमान भेटायला आले तेव्हा तिसऱ्यांदा वाचली. हीच जाऊबाई, केस चालू असताना पहिली वाळत गेली तेव्हा, 'खाई त्याला खवखवे' असं भिंतीला ऐकू जाईल इतक्या हळू आवाजात म्हणाली होती. आता ती पदर सावरून म्हणाली, "आम्हाला काय, माहीतच होतं." पहिलीने तिच्यापुढे पाण्याचा पेला ठेवला. अशा वेळी माणसाने काय बोलायचं असतं ते तिला अजून सुचलेलं नाही.

सगळे गेल्यावर तिने स्वतः ती पानं चाळली. नवव्या पानावर एक वाक्य होतं, जे नवऱ्याने तिन्ही वेळा घाईने वाचून टाकलं होतं. 'फिर्यादीतील आरोपांच्या खरेखोटेपणात हे न्यायालय शिरत नाही. त्याची आवश्यकता नाही.'

आवश्यकता नाही. तिने ते वाक्य पुन्हा वाचलं. म्हणजे कुणीच बघितलं नव्हतं. फिर्याद करणाऱ्याचं मन काळं होतं, हे न्यायमूर्तींना दिसलं आणि त्यांनी फाइल मिटली. कुप्या वहीत लिहिल्याप्रमाणे बेचाळीस होत्या की हॉस्पिटल म्हणतं तशा एकोणचाळीस, हा प्रश्न जिथे होता तिथेच, त्या कपाटात कुलूपबंद राहिला. आणि आता तो कायमचा तिथेच राहणार होता. तिच्या अंगावर काटा आला.

कारण एक गोष्ट तिने कुणालाच सांगितली नव्हती. घरात तिला आवाज ऐकू यायचा.

तसं ते जुनंच होतं. अकरा वर्षांची सवय, घरीसुद्धा काही मोजलं की ते तोंडातून मोठ्याने बाहेर पडायचं. वाळत घातलेल्या कपड्यांचे चिमटे, ताटं, लाँड्रीतून आलेले शर्ट. "सहा ताटं," असं ती म्हणायची आणि मनातल्या मनात दुसरीचा आवाज उमटायचा, 'बरोबर.' त्यात भिण्यासारखं काही नव्हतं, उलट सोबत वाटायची. मग एका सकाळी नाश्त्याच्या वेळी पोलीस दारात आले. दोन शिपाई आणि एक बाई. त्यांनी तांदळाचा डबा वर्तमानपत्रावर उपडा केला, डाळीच्या डब्यात हात घातला, गाद्यांची शिवण चाचपली. जिन्यावर शेजारी उभे होते. काहीच सापडलं नाही, तरी तिला घेऊन गेले. दुसऱ्या दिवशी जामीन झाला. ती घरी आली, सांडलेले तांदूळ भरले, ताटं घासून लावली आणि सवयीने म्हणाली, "सहा ताटं."

'तीन कमी,' दुसरीचा आवाज म्हणाला.

तिने वळून बघितलं. मागे कुणी नव्हतं, नळ टपकत होता. तेव्हापासून ते सुटलं नाही. वीस चिमटे म्हटले की तीन कमी. चार शर्ट म्हटले की तीन कमी. आवाज रागाचा नव्हता, टोचूनही बोलत नव्हता, वहीत नोंद करताना बोलावं तसा. हळूहळू पहिलीने मोठ्याने मोजणं सोडलं. मग मोजणंच सोडलं. भाजीवाला सुटे देईल तसे पाकिटात कोंबायची. नवऱ्याला वाटायचं, हिला धसका बसलाय, होईल कमी. तो भला माणूस. चष्म्याच्या दुकानात मागच्या खोलीत बसून काचा घासायचा, त्याच्या बोटांच्या पेरांत पांढरी पूड कायम असायची. केस चालू होती तितके दिवस त्याने तिला एकदाही विचारलं नव्हतं, तू घेतल्यास का. याचा त्याला अभिमान होता. लोकांना तो छाती काढून सांगायचा, "मी तिला एका शब्दानं विचारलं नाही. गरजच काय?"

निकाल लागला की आवाज थांबेल, असं तिने धरून ठेवलं होतं. निकालाच्या संध्याकाळी घरी येऊन तिने मुद्दाम, थोडी घाबरतच, दोन कप ओट्यावर ठेवले आणि म्हणाली, "दोन कप."

'तीन कमी.'

दोनातून तीन कसे कमी होतील, हा हिशेब आवाजाला करायचा नव्हता. ती ओट्याला धरून उभी राहिली, आणि त्या दिवशी तिला पहिल्यांदा वेड लागायची भीती वाटली.

आता वकीलबाईंचं काय, तर त्यांना विजयाची चटक लागली होती. त्यांनी दोघांना ऑफिसात बोलावलं. ऑफिस म्हणजे जिन्याखालची खोली, पण फायली छतापर्यंत. "आता आपली पाळी," त्या म्हणाल्या. "हॉस्पिटलचा मॅनेजर एक नंबरचा आरोपी, तुमची ती जोडीदारीण दोन नंबरची. खोटी फिर्याद, खोटा जबाब. यांना असं सोडायचं नाही. आणि हे बघा, इथे साक्षीपुरावा होईल. कुप्या किती होत्या ते कोर्टाला ठरवावंच लागेल. तुमचं नाव धुऊन निघेल, कायमचं." त्यांनी टाइप केलेली तक्रार पुढे सरकवली. "आठ दिवसांत दाखल करू. गरम असतानाच घाव घालावा."

नवऱ्याने मान हलवली. त्याचे ओठ आवळलेले होते. पहिलीने कागद वाचायला घेतले. सगळं ठीक होतं, तारखा बरोबर होत्या. परिच्छेद सात मात्र असा होता: 'सदर दिवशी सकाळी मी स्वतः प्रत्येक कुपी डोळ्यांनी पाहून मोजली व त्या बेचाळीस भरल्या.' खाली सहीची जागा.

तिने पेन उचललं आणि ते सहीच्या जागेवर थांबलं.

"काय झालं?" नवरा म्हणाला.

"घरी नेऊन वाचते एकदा," ती म्हणाली.

वकीलबाई हसल्या. "वाचा, वाचा. तुम्ही ताकही फुंकून पिणार आता. पण शनिवारपर्यंत सही हवी."

घरी तिने ते पान चार दिवस उशीखाली ठेवलं. डोळे मिटून ती सकाळ पुन्हा पुन्हा उभी करायची. वेदनाशामकाच्या कुप्या दहा-दहाच्या पुठ्ठ्याच्या डब्यात यायच्या. चार डबे आणि वर दोन सुट्या, म्हणून बेचाळीस. त्या सकाळी ती मॅनेजरशी भांडून आली होती. हत्यारं नीट निर्जंतुक झाली की यंत्रात ठेवलेली पट्टी काळी व्हायला हवी, ती राखाडीच राहते, असं ती तिसऱ्यांदा सांगत होती आणि तो म्हणाला होता, "पाण्यात राहून माशाशी वैर करू नका, सिस्टर." ती तणतणत कपाटाकडे आली. किल्ली लावली. इथवर सगळं लख्ख आठवायचं. मग डबे. हाताला लागलेला पुठ्ठ्याचा गारवासुद्धा आठवायचा. पण डब्यांची झाकणं तिने उघडून बघितली का? की चार डबे दिसले, दोन सुट्या दिसल्या, वहीत वरच्या ओळीत कालचा बेचाळीस दिसला, आणि तोंडातून बेचाळीस निघून गेलं? ती जितकं निरखून बघायची तितक्या सकाळी एकमेकींवर चढायच्या. अकरा वर्षांच्या सकाळी, सगळ्यांत तेच कपाट, तेच डबे, तोच हात. त्यातली ती एक सकाळ वेगळी काढताच येईना.

चोरी केली नव्हती, हे तिला ठाऊक होतं. तेवढं एक घट्ट होतं. पण मोजल्या होत्या का?

शुक्रवारी दुपारी ती दुसरीच्या घरी गेली. नवऱ्याला सांगितलं नाही. पर्समध्ये तक्रारीचे कागद होते. तिला एकच हवं होतं, दुसरीने तोंडावर कबूल करावं की मी बघितलं होतं, बेचाळीस होत्या, आणि मी खोटं बोलले. ते ऐकलं की परिच्छेद सातवर सही करता येईल. आवाजही कदाचित तोंड बंद करील.

दुसरी सायकल दुरुस्तीच्या दुकानावर, दुसऱ्या मजल्यावर राहायची. दार तिच्या मुलीने उघडलं. पोरगी केवढी वाढली होती. "मावशी," ती म्हणाली आणि पुढे काय म्हणावं ते न कळून आत निघून गेली. दुसरी खिडकीपाशी बसून एका म्हाताऱ्या पेशंटच्या औषधांची डबी भरत होती, सोमवार, मंगळवार, बुधवार. हॉस्पिटलने तिला जबाबानंतर सहा महिन्यांत घरी बसवलं होतं. गरज सरो वैद्य मरो, त्यातलाच प्रकार. आता ती लोकांच्या घरी जाऊन शुश्रूषा करायची.

"बस," दुसरी म्हणाली. उठली नाही. जरा वेळाने म्हणाली, "निकाल कळला मला."

"हो."

"बरं झालं."

"बरं झालं?" पहिलीचा आवाज चढला. दोन वर्षं सात महिने ठरवून ठेवलेली वाक्यं होती, त्यातलं एकही आठवेना. "माझ्या घरात तांदूळ सांडले त्यांनी. शेजारपाजार जिन्यात उभा होता. आणि कशाच्या जोरावर? तुझ्या जबाबाच्या. अकरा वर्षं माझ्या शेजारी उभी होतीस तू."

"शेजारी नव्हते," दुसरी म्हणाली. "मागे होते."

पहिली समोरच्या खुर्चीवर बसली.

"तू कपाटाकडे तोंड करून उभी असायचीस. मी मागच्या टेबलावर. सकाळी किती घाई असायची, आठवतंय ना. सर्जन आल्याआल्या बोंब मारायचे. तू मोजायचीस तोवर मी गॉजच्या घड्या घालायचे. तू आकडा बोललीस की मी बरोबर म्हणायचे." दुसरीने डबीचं बुधवारचं झाकण लावलं. "पोलिसांनी मला विचारलं, बेचाळीस कुप्या तुम्ही स्वतः बघितल्या का? आता काय सांगू? नव्हत्या बघितल्या. त्या दिवशी नाही आणि कधीच नाही. ते मी सांगितलं. त्यांनी लिहून घेतलं, 'बेचाळीस कुप्या पाहिल्या नाहीत.' मी खोटं बोलले नाही गं. मला रात्रंदिवस हेच टोचतं, की खोटं बोलले असते तर तू सुटली असतीस."

खाली कुणीतरी सायकलच्या चाकात हवा भरत होतं. पहिली पुढे वाकली. "मग एकोणचाळीस? ते कुणी बघितलं?"

"त्याच दुपारी मॅनेजरने मला खोलीत बोलावलं. जादा किल्ल्या लावून कपाट उघडलं होतं, ते आत वाकलेले. म्हणाले, एकोणचाळीस आहेत." दुसरी थांबली. मग तिने मान खाली घातली. "आणि मी म्हणाले, बरोबर."

"न बघता?"

"न बघता. तोंडातूनच गेलं. मागे उभी होते ना."

पहिलीला राग यायला हवा होता, आला नाही. तिच्या डोळ्यांपुढे ती खोली आली, आणि त्या खोलीत एका आकड्यामागून दुसरा आकडा येत होता आणि प्रत्येकाला पाठमोरं उत्तर मिळत होतं. तिने अकरा वर्षं ज्या आवाजावर भार टाकला, त्याला डोळेच नव्हते. घरात जो बोलायचा तोही हाच.

"माझ्यावर का टाकलंस सगळं?" ती कशीबशी म्हणाली.

"टाकलं नाही. विश्वास होता. तू म्हणालीस म्हणजे असणारच. सूर्य उगवला का ते कुणी उठून बघतं का?" दुसरीने डोळे पुसले. मग एकदम सरळ होऊन बसली. "कागद आणलेस ना? मला माहीत आहे, आता माझ्यावर केस करणार. वकील सोडतात का. हे बघ, केस नको करूस. त्याऐवजी मी नवीन जबाब देते. तू बेचाळीस म्हण. मी कोर्टात उभी राहते आणि बरोबर म्हणते. शपथ घेऊन म्हणते."

हाच शब्द. याच्यासाठी पहिली जिना चढून आली होती. दुसरी तो शब्द दोन्ही हातांनी पुढे करत होती आणि तिच्या चेहऱ्यावर खरी माया होती, लबाडी नव्हती. पहिलीला रडू फुटेल असं वाटलं. तो शब्द पूर्वीसारखाच होता, न बघता दिलेला.

"आणि मीच बघितलं नसलं तर?" ती म्हणाली.

"काय?"

"डब्यांची झाकणं. मी उघडली नसली तर? वहीतला कालचा आकडा बघून बोलले असले तर?"

दुसरी तिच्याकडे बघत राहिली. औषधाची एक गोळी तिच्या हातातून सुटून जमिनीवर घरंगळत गेली, ती तिने उचलली नाही. "असं नको म्हणूस," ती अगदी हळू म्हणाली. "मग आपल्या दोघींत बघत कोण होतं?"

ऑपरेशनच्या टेबलावर निपचित पडलेली माणसं किती आली आणि गेली असतील त्या अकरा वर्षांत, आणि ती सगळी या दोन आवाजांच्या भरवशावर झोपली होती. पहिली उठली. जाताना तिने ती गोळी शोधून उचलली आणि दुसरीच्या हातात दिली. "ही टाकून दे," ती म्हणाली. "जमिनीवर पडली. नवी घाल." दुसरीने मान हलवली.

ती तिथून सरळ वकीलबाईंकडे गेली. म्हणाली, परिच्छेद सात काढा. वकीलबाईंनी चष्म्यावरून बघितलं. "सात काढला तर तक्रारीत राहिलं काय? सगळा जीव त्याच्यातच आहे."

"मग तक्रारच नको."

"अहो, पण त्यांनी तुमच्यावर..."

"त्यांनी न बघता लिहिलं," पहिली म्हणाली. "मीही न बघता लिहू?" वकीलबाईंना यातलं काही उमगलं नाही. त्यांनी कागद परत घेतले आणि फायलींच्या ढिगावर ठेवले. आजवर कुठला पक्षकार जिंकलेल्या हातातून पत्ते टाकून उठलेला त्यांनी बघितला नव्हता.

संध्याकाळी नवरा आला तेव्हा ती खोलीत दिवा न लावता बसली होती. त्याने दिवा लावला. "शनिवार उद्या," तो बूट काढत म्हणाला. "सही केलीस?"

"नाही. करणार नाही." आणि तिने सांगून टाकलं. दुसरीच्या घरी गेले होते ते, ती मागे पाठ करून उभी असायची ते, एकोणचाळीसचं. आणि शेवटी, "मी त्या दिवशी कुप्या मोजल्या का, मला माहीत नाही."

तो एक बूट हातात घेऊन तसाच बसला. "माहीत नाही म्हणजे?"

"म्हणजे माहीत नाही. आठवत नाही."

"अगं, मी सगळ्या जगाला सांगत सुटलो," तो म्हणाला. त्याचा आवाज चिरकला. "केस चालू होती तोवर भावाशी बोललो नाही मी. दुकानात मालकाशी भांडलो. पहिल्या दिवसापासून सांगतोय, मी तिला एका शब्दानं विचारलं नाही."

"ते खरंच आहे," ती म्हणाली. "तुम्ही कधीच विचारलं नाहीत."

ती हे टोमण्याने म्हणाली नव्हती. पण बोलून झाल्यावर दोघांनाही ते वाक्य खोलीत उभं राहिलेलं दिसलं. तिला वाटलं, आता हा उठेल, बाहेर जाईल, आणि परत आला तरी पूर्वीचा येणार नाही. दोन वर्षं सात महिने पोलीस, कोर्ट, जाऊबाई या सगळ्यांपेक्षा तिला याचीच भीती वाटत आली होती, आणि तिला ते आत्ताच कळत होतं. तिच्या घरातली एकमेव उभी भिंत म्हणजे या माणसाचं न विचारणं.

त्याने बूट खाली ठेवला. खुर्ची ओढून तिच्यासमोर बसला, गुडघ्याला गुडघा लागेल इतका जवळ.

"घेतल्या होत्यास?" त्याने विचारलं.

हा प्रश्न पोलिसांनी ओरडून विचारला होता, वकिलांनी कागदावर विचारला होता. असा कुणी विचारला नव्हता.

"नाही," ती म्हणाली. आणि तो लगेच मान हलवणार, नेहमीसारखं 'माहीत आहे' म्हणणार, हे दिसताच तिने त्याचा हात धरला. "असं नको. आधी बघा. नीट बघा माझ्याकडे, मग सांगा."

तो थांबला. त्याने खिशातून रुमाल काढून स्वतःचा चष्मा पुसला, परत घातला, आणि बघायला लागला. दुकानात तो घासून झालेली काच उजेडासमोर धरून चरा शोधतो, तसा, घाई न करता. तिचे डोळे, डोळ्यांखालची काळी वर्तुळं, थरथरणारी हनुवटी. तिला लाज वाटली, मग भीती वाटली. इतक्या वर्षांच्या संसारात त्याने तिच्याकडे असं कधी बघितलं नव्हतं. त्याच्या कपाळावर आठी पडली, तेव्हा तिला वाटलं, त्याला काहीतरी सापडलं. तिने नजर खाली घेतली नाही. बाहेर शेजाऱ्यांचं दार उघडलं, लागलं. तो बघतच होता.

"नाही घेतल्यास," तो शेवटी म्हणाला.

त्याला हे म्हणायला फार वेळ लागला होता, आणि म्हणूनच तिचा त्याच्यावर विश्वास बसला. ती रडायला लागली, आणि तो तिला थांबवायच्या भानगडीत पडला नाही.